हेल्वीवहिनी गेल्याची बातमी

जर्सी सिटी
रविवार, ८ जून २०२५

राधिका,

तुझी आई जिवंत आहे. हे आधी वाच, मग कुठेतरी बस, आणि बाकीचं सावकाश वाच.

गेल्या सोमवारी मी तुला ‘हेल्वीवहिनी गेली’ असं व्हॉट्सअ‍ॅपवर कळवलं, ते खोटं होतं. दुसऱ्या दिवशी खरं कळवायला बसले तर तू मला ब्लॉक केलेलं. निमिषनं तुझ्यासाठी व्हॉइसमेल ठेवला, तो तू ऐकलास की नाही देव जाणे. वर मलाच म्हणाला, "आई, तिनं बरोबर केलं. मीही हेच केलं असतं." माझ्या पोटचा आहे, पण बाजू नेहमी मामेबहिणीची घेतो. तेव्हा आता पत्र. तुला मराठी वाचता येतं हे मला ठाऊक आहे. दादा दर रविवारी तुला समोर घेऊन बसायचा आणि तू मुळूमुळू रडत बाराखडी गिरवायचीस. अडलं तर मोठ्यानं वाच म्हणजे लागतं.

झालं असं की इथे लाइट रेलच्या स्टेशनाबाहेर जी झाडं आहेत त्यांच्यावर कावळ्यांची घरटी आहेत. वहिनी रोज वॉकर घेऊन नदीपर्यंत जाते, मी मागे असते. त्या सोमवारी एक कावळा सरळ खाली आला आणि तिच्या डोक्यावर टोच मारून गेला. पांढऱ्या केसांत रक्ताचा थेंब दिसला. निमिष म्हणतो, या दिवसांत त्यांची पिल्लं असतात, ते कुणालाही टोचतात. असेल. पण आमच्याकडे कावळा डोक्याला लागला की ते माणूस आता जाणार असं धरतात, आणि त्याला उतारा एकच. जवळच्या नातेवाइकाला ते माणूस गेल्याचं खोटंच कळवायचं. आपलं माणूस रडलं की अरिष्ट टळतं, उलट आयुष्य वाढतं. दुसऱ्या दिवशी खरं सांगून टाकायचं.

मी घाबरले होते, पण गप्प राहिले असते. विषय तिनंच काढला. लिफ्टमध्ये रुमालानं डोकं दाबत म्हणाली, "शोभना, माझी बातमी पाठव. राधिकाला पाठव."

मी म्हटलं, भलतंच काय वहिनी.

"काऊन? मेल्यावर कोण रडते ते जित्यापणी पाहायला भेटते. कशाला सोडू?"

तुला तिचं मराठी आठवतं ना? फिनलंडमध्ये जन्मली, न्यूयॉर्कमध्ये नाचली, आणि बोलते अजून माझ्या आईसारखी नागपुरी. तिच्यापुढे माझं काही चाललं नाही. मी मेसेज टाकला. तासाभरात तुझं उत्तर आलं: ‘ओके. कळवल्याबद्दल थँक यू. मी येणार नाही. पुढचं तुम्ही करा.’ अगं, माणूस बँकेलासुद्धा याहून लांब उत्तर देतं.

ती समोरच सोफ्यावर पाय वर घेऊन बसली होती. तिनं विचारलं, रडली? मी म्हटलं, हो, खूप रडली, तिला बोलवेना म्हणून फोन ठेवला. तिनं मान हलवली आणि कॉफी मागितली.

राधिका, डॉक्टर म्हणतात तिचं हृदय थकलंय. पावलांना सूज असते. हा उन्हाळा निघाला तर निघाला. तुमच्या मायलेकींत काय झालं ते मला धड माहीत नाही. दादा गेला तेव्हा मी नागपुरात होते आणि इथे आले ती त्यानंतर खूप वर्षांनी. पण तू एकदा फोन कर. रडले होते एवढंच म्हण. खोटं म्हटलंस तरी चालेल.

तुझी,
शोभनाआत्या


जर्सी सिटी
रविवार, २९ जून २०२५

राधिका,

तू निमिषला लिहिलेलं त्यानं मला दाखवलं. ‘तुझ्या आईला सांग, आता थांब.’ म्हणजे पत्र पोचलं. मी थांबले असते गं, पण घरात ती आहे, आणि रोज सकाळी ती विचारते की फोन आला का. मी सांगते, राधिकाच्या ऑफिसात गडबड आहे. मग सांगते, ती टूरवर आहे. पार पश्चिम किनाऱ्यावरच्या बेलव्ह्यूतल्या तुझ्या कंपनीनं तुला एवढं फिरवलं नसेल तेवढं मी या तीन आठवड्यांत फिरवलंय.

गेल्या शनिवारी वहिनीच्या फिनलंडकडचा मोठा सण होता. त्या दिवशी त्यांच्या गावी सूर्य म्हणे मावळतच नाही. दाराच्या दोन्ही बाजूंना बर्चच्या डहाळ्या लावतात, आपण तोरण बांधतो तसं. तिनं हट्टच धरला. निमिषनं कुठल्याशा नर्सरीतून त्या आणल्या आणि दाराला टेपनं चिकटवल्या. बिल्डिंगच्या मॅनेजरनं विचारलं, हे काय आहे? वहिनीनं त्याला सांगितलं, "माझी पोरगी येणार आहे." मी आत येऊन नळ सोडून बसले.

सध्या आम्ही दुपारी तिची सिनेमांतली आणि मालिकांतली जुनी कामं बघतो. निमिषनं कुठून कुठून शोधून टीव्हीवर लावून दिली आहेत. तुला लहानपणी बघू द्यायची नाही म्हणे, कारण बहुतेक सगळ्यांत ती मरते. कधी विषानं, कधी गोळी लागून, एकदा तर बोटीवरून पडून. उच्चारामुळे तिला कधी रशियन हेर करायचे, कधी स्वीडिश मोलकरीण, आणि ही पात्रं अमेरिकन लोकांना जिवंत ठेवायला आवडत नसावं. ती बघते आणि स्वतःच्याच मरणात चुका काढते. "इथे डोळे लवकर मिटले." "इथे श्वास दिसतो." पण मधूनच एखादा नाच येतो. मागच्या रांगेत, डावीकडून तिसरी, आणि माझ्यासारख्या अडाणी बाईलासुद्धा तिच्याशिवाय कुणी दिसत नाही. लाकडाच्या वखारीत राबणाऱ्या बापाची मुलगी, एकोणीस वर्षांची असताना एका नाचाच्या कंपनीबरोबर आली आणि परत गेलीच नाही. मी एकदा विचारलं, वहिनी, तू पुढच्या रांगेत का नाही आलीस? तर म्हणाली, "आले होते ना. तुमच्या कावळ्यानं मागे नेलं."

ती गोष्ट तुला कुणी सांगितली का? तू पाच वर्षांची होतीस. दादा एकटाच नागपूरला आला होता आणि गच्चीवर कावळा त्याच्या डोक्यावर बसला. आईनं लगेच अमेरिकेला तार ठोकली, यतीन गेला. वहिनी तेव्हा न्यूयॉर्कला तालमीत होती. आयुष्यात पहिल्यांदा मुख्य भूमिका मिळाली होती, बाहेर पाटीवर नाव लागणार होतं. ती तालीम टाकून तुला घेऊन विमानात बसली. ‘सुखरूप आहे’ ही दुसरी तार रिकाम्या घरी पडून राहिली. अशा कामात ती इतकी घाई करेल हे आमच्या डोक्यातच आलं नाही. आपल्याकडची सून असती तर तिनं आधी विचारलं असतं, कावळा का?

धरमपेठेतल्या घराचं दार दादानं उघडलं. हातात पुडाची वडी होती, अर्धी खाल्लेली. वहिनी पांढरी साडी नेसून उभी होती, कुणीतरी मुंबईत तिला नेसवली होती. मी मागेच होते. तिनं त्याच्याकडे बघितलं, आमच्याकडे बघितलं, आणि उंबऱ्यावर बसून ती रडायला लागली, आणि मग हसायला. आम्ही सगळेच हसलो. आईनं तिला ओवाळलं. म्हणाली, हिच्या अश्रूंनी माझ्या मुलाचं आयुष्य वाढलं. ती परत गेली तोवर भूमिका दुसरीला दिलेली होती. तशी पुन्हा मिळाली नाही. माझ्या आईला हे कधी कळलंसुद्धा नाही, वहिनीनं कळू दिलं नाही.

ज्या बाईनं एवढं सोसलं तिला तू एक फोन करू शकत नाहीस, असं लिहायचं मनात होतं. लिहून टाकलं बघ.

शोभनाआत्या


जर्सी सिटी
रविवार, २० जुलै २०२५

राधिका,

मागच्या पत्राचं शेवटचं वाक्य मी परत घेते. मला काही माहीत नव्हतं. आता माहीत आहे, आणि तुझ्यावर रागावायला मला तोंड राहिलेलं नाही.

बुधवारी मी तिचे पाय गरम पाण्यात घालून बसले होते. तिनं विचारलं, राधिका रडली तेव्हा नेमकं काय म्हणाली? मी जुळवाजुळव केली. म्हटलं, ‘माझी आई, माझी आई’ असं म्हणत होती. वहिनी हसली. म्हणाली, "शोभना, तुझी अ‍ॅक्टिंग फार वाईट आहे. मला त्याच दिवशी समजलं होतं. तू जेवढी चांगली बाई आहे ना, तेवढी वाईट नटी आहे."

म्हणजे हे सगळे आठवडे ती मला सांभाळून घेत होती, आणि मला वाटत होतं मी तिला. मला रडू आलं. तिनं माझ्या डोक्यावर हात ठेवला आणि मग सांगितलं. तुला लिहू नकोस म्हणाली होती. मी लिहिते आहे.

दादा गेला तेव्हा ती क्लीव्हलंडला दौऱ्यावर होती हे तुला माहीत आहे. दादाचे दोस्त राजीवकाका, त्यांनी थिएटरला फोन करून निरोप ठेवला, तरी तिनं दुपारचा शो केला, हेही माहीत आहे. शो झाल्यावर तिनं घरी फोन केला. तो तू उचललास. घरात पोलीस होते, शेजारी होते, तू सतरा वर्षांची होतीस, आणि फोनवर तुझी आई हसत होती. म्हणाली, "त्या मेलेल्या माणसाला जरा फोनवर बोलाव." तू फोन ठेवून दिलास. मला यातला हसण्याचा भाग कुणी कधी सांगितला नव्हता. तू तो एकटीनं एवढी वर्षं बाळगलास.

आता तुला माहीत नाही ते ऐक. त्याच्या आधीच्या रविवारी दादानं तिला फोनवर सांगितलं होतं, की ऑफिसच्या पार्किंगमध्ये त्याच्या डोक्याला कावळा लागला. त्यानं ते हौसेनं आईला नागपूरला कळवलं होतं. वहिनीला म्हणाला, "आता परत माझी बातमी येईल बघ. या वेळी फसू नकोस. शो सोडून पळत येऊ नकोस." आणि बुधवारी बातमी आली. आणणारा राजीव, म्हणजे जन्माचा चेष्टेखोर. ती फसली नाही. पायांत शूज घातले, स्टेजवर गेली आणि नाचली. म्हणाली, "त्या दिवशी मी फार चांगली नाचले शोभना. मला इतकं बरं वाटत होतं, की नवरा माझी मस्करी करून राहिला."

मी विचारलं, हे राधिकाला का नाही सांगितलंस? तर म्हणाली, लिहायला कितीदा बसले. पण कावळ्याची गोष्ट सांगायची आणि वर माफी मागायची, ते कुणाला खरं वाटेल? आणि खरं वाटलं तरी काय? "हसले तर मी होतेच ना. टाळ्यासुद्धा घेतल्या." पाणी गार झालं तरी मला उठवेना.

मग मी विचारलं, एवढं सगळं झाल्यावर परत तसलीच बातमी तिला पाठवायला का लावलीस? तिनं पाण्यातून पाय काढून टॉवेलवर ठेवले. मग म्हणाली, "मला वाटलं, तिला पण कोणीतरी खोटं मेलेलं सांगावं. आणि मग ते माणूस जितं निघावं. माझ्यासाठी दार उघडलं होतं तसं."

मी काही मागत नाही. तुला यायचं तर ये, नाही तर नको. फक्त हे खरं आहे. माझ्या डोळ्यांची शपथ. माझी अ‍ॅक्टिंग वाईट आहे याला आता साक्षीदार आहे.

शोभनाआत्या


जर्सी सिटी
शुक्रवार, १ ऑगस्ट २०२५

राधिका बाळा,

हे तू निमिषच्या गाडीत बसून वाचत असशील. मी त्याला बजावलंय, विमानतळावर काही बोलू नकोस, ती गाडीत बसली की पत्र दे आणि ती वाचेपर्यंत गाडी चालू करू नकोस. त्याचा चेहरा बघून तुला कळलं असेल, तोही माझ्यासारखाच वाईट नट आहे.

काल त्यानं तुला फोन केला ते खरं होतं. वहिनी काल दुपारी गेली. कॉफी प्यायली, खिडकीशी खुर्ची ओढ म्हणाली, आणि मी कप धुऊन येईपर्यंत संपलं होतं. डोळे उघडे होते. ते मी मिटले.

निमिषनं फोन स्पीकरवर ठेवला होता, म्हणून मी सगळं ऐकलं. त्यानं सांगितलं, मामी गेली. आणि तू हसलीस. म्हणालीस, "परत कावळा? तिला सांग, या वेळी मी फसणार नाही. उद्या सकाळच्या फ्लाइटचं तिकीट काढलंय. आत्याचं पत्र मी मोठ्यानं वाचलं, दोनदा. आणि तिला सांग, जूनमध्ये मी रडले होते. पार्किंग लॉटमध्ये, गाडीत बसून. मग ओके लिहिलं." तुला मीटिंगला जायचं होतं, तू फोन ठेवलास. निमिष हातात फोन धरून उभाच राहिला.

तो परत लावायला निघाला होता. मी लावू दिला नाही. तू त्या लांबलचक प्रवासात अनोळखी माणसांच्या मधे हे पोटात घेऊन बसली असतीस. एकदा या घरातल्या मुलीनं अशी बातमी एकटीनं झेलली आहे. म्हटलं, अजून एक दिवस तिची आई असू दे. चुकलं असेल तर माझ्याशी भांड. मी रोज घरातच असते.

एक गोष्ट मी तुला बरं वाटावं म्हणून सांगू शकले असते. तू येतेस हे कळून ती गेली, तू रडलीस हे कळून ती गेली, असं. पण नाही. तिला यातलं काही कळलं नाही. निमिषनं तुला फोन केला तेव्हा ती आतल्या खोलीत होती आणि तिच्या अंगावर मी चादर घातलेली होती. खोटं बोलून बोलून मी दमले आहे, आणि तुला तरी आता या घरातून खोटं काही मिळू नये.

तू हसलीस त्याचा मला राग नाही. कुणालाही येणार नाही. आता बरीच वर्षं ते हसू तुझ्या कानात राहील हे मला माहीत आहे, कारण ज्या बाईच्या कानात ते राहिलं तिचे पाय मी रोज पाण्यात घालत होते. तू मात्र तिच्यासारखी गप्प बसू नकोस. मला फोन कर, निमिषला कर, आणि सांग. मराठीत सांग नाही तर इंग्रजीत, आम्ही ऐकू.

फ्यूनरल होमवाल्यांना मी तुझ्यासाठी थांबायला सांगितलंय. तिच्या पायांत तिचे ते नाचाचे मऊ शूज घालायचे म्हणते, पण सूज आहे, बसतील असं वाटत नाही. आपण दोघी मिळून बघू.

बिल्डिंगच्या दाराशी निमिष गाडी लावेल, तू वर ये. दाराच्या दोन्ही बाजूंना त्या बर्चच्या डहाळ्या आहेत. वाळल्यात, पानं गळून कॉरिडॉरमध्ये पडतात, मॅनेजर दोनदा बोलून गेला. तरी मी काढलेल्या नाहीत. तुझ्यासाठी लावल्या होत्या.

बेल वाजवलीस की मी दार उघडीन. नागपुरात दादानं उघडलं होतं, ते आता डोक्यातून काढून टाक. दारात मीच असेन गं. माझ्या मागे बघत राहू नकोस.

आत्या